बांधावरचा वाळा

महादेवाच्या अभिषेकाच्या पाण्यात वैशाखभर वाळ्याची ताजी मुळं घालायची, हा विनयाचा नेम. त्या सोमवारी ती गोखिवऱ्याच्या फ्लॅटमधून निघून खाडीकाठच्या शेतांपर्यंत चालत आली. बांधावर वाळा डुलत होता. तिने खुरपी चालवली आणि अख्खा ठोंब मुळासकट उपटला... ओंजळ गंधाने भरून गेली.

"ओ बाई! पूजेची परडी घेऊन माझा बांध चोरता?"

ती दचकून वळली. सावळा, उंच तरुण — डोळ्यांत राग थोडा, हसू जास्त.

"ही मुळं माती धरून ठेवतात. उधाणाला इथून खारं पाणी शिरलं, तर भात गेलाच आमचा. बोला ना... की मुक्या आहात?"

सोमवारी दिवेलागणीपर्यंत तिचं मौन असे. तिने ओठांवर बोट ठेवलं, हात जोडले आणि लगबगीने निघून गेली.

दुसऱ्या दिवशी ती हजर!

"चुकलं माझं. काल मौन होतं. मुळं देवाला वाहिली, पण बुडखे जपून आणलेत. फुटवे वेगळे करून लावते. रुजेपर्यंत रोज पाणी घालीन."

"एवढा गोड आवाज... आणि काल एक शब्द नाही?" तो तरुण, धनेश, कळशी पुढे करत म्हणाला.

मग रोजच पूजा आटोपून ती बांधावर येऊ लागली. कळशी देता-घेता बोटं लागत, नजरा चुकत...

"तुमच्या नेमांत आमचा नंबर कधी लागायचा?"

"नेम मोडता येत नाही. विचार करून धरावा लागतो," ती मान खाली घालून म्हणाली. कान मात्र लाल झाले होते.

आषाढी अमावस्या नेमकी सोमवारी आली. वर पाऊस, समोर उधाण. विनया बांधावर उभी — ओठांत मौन, मनात महादेव. इथे बांध फुटला, तर तो तिच्याच खुरपीने! लाट आदळली. शेजारची माती घसरली. वाळा वाकला... आणि ताठ उभा राहिला. पाणी हटलं!

"धरलं! विनया, तुझ्या वाळ्याने धरलं!" धनेश चिखलातच नाचला. मग एकदम थांबला. "आमच्या घरी... कायमची येशील? बोल ना — अरे देवा! आज सोमवार!"

विनया हसली. तडक त्याच्या घरात शिरली. पिशवीत वैशाखात देवाला वाहिलेली, प्रसाद म्हणून जपलेली वाळ्याची जुडी होती, ती तिने माठात सोडली.

"भर पावसात पान्यात वाळा कोन टाकतं गो?" धनेशची आई, कृष्णाबाई, म्हणाली. मग तिने लेकाचा चेहरा पाहिला, पेलाभर पाणी घेतलं, सावकाश प्याली. "गोड झालं हां पानी. आता रोज तूच भर."

तुळशीपाशी दिवा लागला. मौन सुटलं.

"आता तरी बोल..." धनेश कुजबुजला.

"विचार करून धरलाय," विनया म्हणाली. "हा नेम जन्माचा."