भिंतीवरचा परदेश

यवतमाळच्या विमलताई भोयर यांच्या ऑफिसात खुर्च्या तीनच होत्या, आणि त्यातली एक नानाजींनी कायमची अडवली होती. नानाजी म्हणजे एस.टी.तून निवृत्त झालेले कंडक्टर. विमलताई खाजगी चौकशीची कामं घेत आणि नानाजी त्यांना आपल्या स्कूटरवरून नेत-आणत. ती स्कूटर सुरू झाली की गल्लीतला कोंबडा पहाट झाली समजून आरवायचा, असं लोक सांगत. कोंबडा ठार बहिरा होता, हे मात्र कोणी सांगत नसे.

त्या दिवशी उरलेल्या खुर्चीवर आर्णीच्या सुग्राबी बसल्या. त्यांची मुलगी नाहिद लॅपटॉप छातीशी धरून उभी राहिली. सुग्राबींनी पिशवीतून कोरा करकरीत पासपोर्ट काढून टेबलावर ठेवला.

"ताई, मले एवढंच सांगा, कोणत्या देशाचं तिकीट काढू?"

"तिकडे कोण आहे तुमचं?"

"माहा शाहिद."

शाहिद हा त्यांचा धाकटा. उन्हाळ्यात बापाशी भांडून मोटरसायकलवर निघून गेला, तो गेलाच. फोन लावला तर बंद. ना निरोप, ना पत्ता.

"मग तो परदेशात आहे हे कशावरून?" विमलताईंनी विचारलं.

"भिंतीवर फोटो लावते ना तो!" सुग्राबी म्हणाल्या. "दाखव व नाहिद."

नाहिदनं लॅपटॉप उघडला. पडद्यावर एक घर होतं, वरून छप्पर काढून ठेवल्यासारखं. आत बोटभर माणसं चालत होती, भांडी घासत होती, जांभया देत होती.

"हा माणसं वागवायचा खेळ आहे," नाहिद म्हणाली. "घर बांधायचं, माणसं बनवायची, त्यांले जेवू घालायचं, कामाले पाठवायचं. शाहिदभाईनं आमचंच घर बनवलं. निळं दार, मोरी, सगळं. खेळात भिंतीवर लावायले फक्त विदेशी फुलांची चित्रं येतात. म्हणून त्यानं मोड टाकलं."

"मोडलं काय?" नानाजी दचकले.

"मोड, काका. म्हणजे खेळाच्या आत आपली जोडलेली वस्तू. मूळ चित्र काढून तिथं आपला फोटो बसवता येते."

नानाजींनी चष्मा पुसून पाहिलं. एक बाहुली ओट्यापाशी उभी होती. "ह्या सुग्राबी?"

"हो. आन हा शाहिद," सुग्राबींनी पडद्याला बोट लावलं. "इथं तो रोज जेवते, काका. मी रोज पाह्यतो."

नानाजींनी चष्मा पुन्हा पुसला. 

शाहिद गेल्यानंतर बैठकीतल्या चारपैकी तीन फ्रेममधली जुनी चित्रं एकेक करून बदलली होती. पहिल्या फोटोत रस्ता होता. त्यावरून वाहनं उजव्या बाजूनं चालली होती. काळे-पिवळे ऑटो, मोटरसायकली आणि मध्ये एक बस, सगळं इतक्या लांबून की नंबर वाचता येत नव्हते. दुसऱ्यात बाकावर बसून चहा पिणारी माणसं. तिसऱ्यात एक लांब भिंत, तिच्यावरून बोगनवेल ओघळलेली.

"आपल्याकडे गाड्या डावीकडून जातात," सुग्राबी म्हणाल्या. "म्हणजे हा दुसरा देश. दुबई तं नाही?"

"असंल ना!" नानाजी म्हणाले. "ऑटो काय, आजकाल कुठंबी असतात."

विमलताई पडद्यावर वाकल्या. "नानाजी, या चहावाल्यांचे खिसे पाहिले का?"

"रिकामे दिसतात."

"आणि बस?"

"बस म्हणजे बस, ताई. जन्म काढला तिच्यात. आता पाहू पण वाटत नाही."

"पाटी कुठेच नाही," विमलताई स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाल्या. "ना रस्त्यावर, ना हॉटेलवर."

पासपोर्ट त्यांनी ठेवून घेतला.

*

शाहिदचा मित्र साकेत यवतमाळलाच कॉलेजात होता. कँटीनमध्ये भेटला. पोरगा हुशार, पण शाहिदचं नाव निघताच त्याचा समोसा हातातच राहिला.

"मोड आम्ही दोघांनी मिळून टाकलं," तो म्हणाला. "चित्रांचं फोल्डर ऑनलाइन आहे. फोटो फ्रेमच्या मापात कापायचा, जुन्या चित्राचंच नाव द्यायचं अन् फोल्डरमध्ये टाकायचा. इकडे भिंतीवर आपोआप बदलते."

"पासवर्ड कोणाकडे आहे?"

"माझ्याकडे. नाहिदकडे."

"मंग तूच टाकून राह्यला असशील!" नानाजींनी कंडक्टरी आवाज लावला. विनातिकीट माणूस सापडल्यासारखा.

"मी कायले टाकू, काका? हे पाहा ना." त्यानं आपल्या फोनवर फोल्डर उघडून दाखवलं. "कोणत्या यंत्रावरून आलं ते इथंच दिसते. तिन्ही शाहिदच्या फोनवरून. मी फोन लावतो तं बंद. तेवढ्यापुरताच चालू करत असंल."

"त्याच्या फोनला कुलूप असायचं?"

"नाव नका काढू! दुकानात गिऱ्हाइकांचे फोटो त्याच फोनवर घ्यायचे. कोणीबी उचलावा अन् वापरावा. अब्बासुद्धा."

बाहेर आल्यावर नानाजी खुशीत होते. "म्हणजे पोरगा जिता आहे, ताई! फोन त्याचा, फोटो त्याचा."

"फोन त्याचा आहे," विमलताई म्हणाल्या, आणि स्कूटरवर बसल्या.

*

आर्णीत शाहिदच्या वडिलांचं, रहेमानभाईंचं, रेडियमचं दुकान होतं. नंबरप्लेट, स्टिकर, गाडीच्या मागच्या काचेवरची नावं. रहेमानभाईंनी कापलेलं अक्षर इतकं रेखीव की ज्याच्या गाडीवर ते लागलं तो माणूस मागं वळून वळून बघत गाडी चालवायचा आणि पुढच्याला धडकायचा, अशी तालुक्यात ख्याती.

थोरला मुलगा रिजवान कॉम्प्युटरवर होता. शेजारचं यंत्र कुरकुरत लाल रेडियम कापत होतं. अक्षरं सगळी उलटी.

"हे काय लिहून राह्यले?" नानाजींनी मान वाकडी करून विचारलं.

"'आईचा आशीर्वाद', काका. काचेले आतून लागते. उलटं कापलं की बाहेरून सुलटं दिसते." रिजवान हसला. "नव्वद टक्के काम काचेचं, म्हणून उलटायचं बटन दाबलेलंच राह्यते. विसरलो तं नंबरप्लेटबी उलटी निघते. मंग अब्बांच्या शिव्या!"

तो काउंटरच्या बाहेर आला तेव्हा लंगडत होता.

"पायाला काय झालं?"

"मोडला व्हता. फुलसावंगीले सासुरवाडीत पडून राह्यलो पावसाळाभर. परवाच आलो."

"त्या दिवसांत दुकान?"

"एक दिवस बंद नव्हतं. अब्बा ब्लेडनं हातानंच कापतात ना." तो यंत्राकडं वळला. "आलो तं हिची पाती पार झिजून गेलती. नवी टाका लागली."

रहेमानभाई कोपऱ्यात स्टुलावर बसून कापलेल्या रेडियममधले नको ते तुकडे सुईनं काढत होते. मान वर न करता म्हणाले, "मले इचारू नका, बाई. कॉम्प्युटरमधलं मले काय समजते? त्या डब्यापायीच पोरगं गेलं."

"पोलिसांत तक्रार केली?"

"मीच गेलतो ठाण्यात. काय करतात ते!"

चहा घेऊन आलेली नाहिद म्हणाली, "अब्बा माल आणायले बाहेरगावी जातात ना, तिकडंबी शोधतात त्याले. प्रत्येक वेळी थकून येतात. आन एकदा तं ते आले अन् तिकडं भिंतीवर नवा फोटो! मी म्हटलं, अब्बा, तुम्ही वणवण फिरता अन् तो मजेत फोटो लावून राह्यला."

रहेमानभाईंच्या हातातली सुई थांबली. मग पुन्हा चालू लागली.

विमलताई ठाण्यात जाऊन लगेच परतल्या. "शाहिदच्या नावाची तक्रारच नाही, नानाजी."

"पोलिसांचं नेहमीचंच!"

विमलताईंनी त्यांच्याकडं पाहिलं. इतक्या वर्षांत नानाजींनी ताईंना कामाचा कंटाळा आलेला पाहिला नव्हता. आज पाहिला.

"चला," त्या म्हणाल्या. "सांगून टाकू. घरी बोलवा सगळ्यांना."

*

दुपारी सगळे निळ्या दाराच्या घरात बसले. सुग्राबींनी डोक्यावरचा पदर नीट केला. निकाल ऐकायला बसल्यासारखं तोंड करून त्या समोर बसल्या.

"नाहिद, तो रस्त्याचा फोटो आरशात दिसतो तसा फिरव," विमलताई म्हणाल्या.

नाहिदनं फिरवला. वाहनं डाव्या बाजूला आली.

"नानाजी, बसचं दार?"

नानाजी पाहत राहिले. अख्खी हयात ज्या दारात उभं राहून घंटी मारली, ते दार मघाच्या फोटोत भलत्याच बाजूला होतं, आणि त्यांना ते दिसलं नव्हतं. "डाव्या बाजूले," ते हळूच म्हणाले. "आपलीच आहे, ताई."

"चहा पिणाऱ्या सगळ्यांचे खिसे उजवीकडे होते. जगात कुठेही शर्टाचा खिसा डावीकडे असतो. म्हणजे परदेश नाही. फोटो उलटे झाले आहेत, बस्स."

"मंग तो इथंच आहे!" सुग्राबी अर्ध्या उठल्या. "जवळ आहे!"

विमलताईंनी ते ऐकलं. आता थांबल्या तर पुन्हा बोलता येणार नाही, अशा घाईनं त्या बोलत गेल्या.

"मुद्दाम उलटवले असते तर कारण असतं. हे सवयीनं झालं. फ्रेमच्या मापात कापायला कोणीतरी असा कॉम्प्युटर वापरला, ज्यात उलटायचं बटन कायम दाबलेलं असतं. तो तुमच्या दुकानात आहे. पाटी असती तर उलटी अक्षरं तेव्हाच दिसली असती. पण अक्षर एकाही फोटोत नाही, कारण अक्षरावरून गाव कळतं. हा धाक कोणाला? जन्मभर अक्षरं कापणाऱ्याला."

"मी नाही!" रिजवान म्हणाला.

"तू नाहीस. तू पावसाळाभर फुलसावंगीला होतास. पण यंत्राची पाती झिजली. ब्लेडनं हातानं कापणाऱ्याला यंत्र लागत नाही. तुझ्यामागं कोणीतरी ते शिकलं."

सगळ्यांच्या माना रहेमानभाईंकडे वळल्या.

"नवा फोटो तुमच्या 'माला'च्या फेरीनंतर आला," विमलताईंचा आवाज उतरला. "तक्रार तुम्ही केलीच नाही. ज्याचा पोरगा हरवला तो तक्रार करतो, भाई. ज्याला ठाऊक आहे तो करत नाही. आणि शाहिदचा फोन बापाच्या हाती यायचा रस्ता मला एकच दिसतो. माझं चुकत असेल तर सांगा. चुकावं अशीच माझी इच्छा आहे."

त्यांनी पासपोर्ट रहेमानभाईंपुढे ठेवला. "ह्या निघाल्यात त्याला शोधायला."

रहेमानभाईंनी तो उघडला. आतला सुग्राबींचा फोटो पाहिला. मग कुर्त्याच्या आतल्या खिशातून काच तडकलेला फोन काढून चटईवर ठेवला.

नाहिदनं तो ओळखला.

"त्याच रात्री ट्रकनं उडवलं," ते म्हणाले. "पोलिसांनी ह्याच फोनवरून मले फोन लावला. मी त्याले म्हणलो व्हतो, पुन्हा तोंड दाखवू नको. तिथं चादर सारून म्हणाले, चाचा, तोंड पाहून वळखा."

रहेमानभाईंनी पासपोर्ट मिटला.

"तिथंच माती दिली. घरी कसा आणू? हिले काय सांगू, कोणाच्या बोलण्यानं गेला? रोज सांगाले तोंड उघडायचो, अन् जेवण मागायचो. मंग पाहिलं, ही त्या खेळाच्या भिंतीकडं पाह्यत बसते. म्हणलं, तिथं सांगतो. हळूहळू सांगतो. पोरगं फोटो कसे टाकते ते दुकानात पाहिलं व्हतं. आधी रस्ता लावला. मंग जिथं चहा घेतो ते हाटेल. मंग कब्रस्तानची भिंत. उलटं झालं ते मले समजलंच नाही. मले वाटलं, ही समजून राह्यली. अन् ही दुबईचं नाव घेऊन हसाले लागली!"

"अजून एक फ्रेम आहे," नाहिद कशीबशी म्हणाली.

"फोटो काढलेला आहे. भिंतीच्या आतला. लावाची हिंमत नाही झाली."

नानाजींना वाटलं, सुग्राबी आता ओरडतील, नवऱ्याची कॉलर धरतील, कपाळ आपटून घेतील. सुग्राबींनी हात पुढे केला. रहेमानभाईंनी फोनवर तो फोटो काढून त्यांच्या हातात दिला. तडकलेल्या काचेतून त्या पाहत राहिल्या. बोटानं फोटो मोठा केला, आणखी मोठा केला, मातीशिवाय काही दिसेनासं होईस्तोवर.

"न्हाऊ कोणी घातलं?"

"मीच."

"गावाचं नाव काय?"

रहेमानभाईंनी सांगितलं. आदिलाबादच्या वाटेवरचं कुठलंसं खेडं. सुग्राबींनी ते नाव आयुष्यात ऐकलं नव्हतं.

"पुन्हा सांगा."

त्यांनी पुन्हा सांगितलं. सुग्राबी ते नाव पुटपुटू लागल्या. आधी चुकलं, मग जमलं. जमलं तरी त्या थांबेनात.