निवळीचा शेवटचा दिवस

धरणाखाली गेलेलं निवळी गाव शाल्मली गुरवने कधीच पाहिलं नव्हतं. तरी त्या गावाची सत्तावीस चित्रणं तिच्याकडे होती. ती व्हिडिओ-कलाकार होती आणि कॅमेऱ्याऐवजी स्मृतिपट वापरी. डोक्याला टोपी लावून माणसाने एखादा प्रसंग आठवला, की मेंदूच्या दृष्टिकेंद्रातले संकेत टिपून हे यंत्र तो प्रसंग पडद्यावर उभा करी. पुनर्वसन वसाहतीतल्या म्हाताऱ्यांच्या आठवणी वेगवेगळ्या पडद्यांवर मांडून शाल्मली बुडालेल्या गावाचं प्रदर्शन उभारत होती. चित्रणं प्रदर्शनात नाव न देता लावायची, असं सगळ्यांशी ठरलं होतं.

ऐंशी वर्षांच्या चांगुणाआक्का शेलारांनी टोपी घातली आणि पडद्यावर गाव सोडण्याचा दिवस आला. भरलेली होडी. आठ वर्षांच्या मुलीच्या हातात धाकट्या भावाचा हात. मग तिची पकड सैल झाली आणि पाच वर्षांचा नामदेव पाण्यात गेला.

"मीच सोडला त्याला," आक्का म्हणाल्या. "आजवर कुणाला बोलले नाही."

पुढच्या आठवड्यात, तेव्हा ती होडी वल्हवणारे आणि आता नव्वदीला टेकलेले धोंडूतात्या भोई आले. त्यांच्या चित्रणात तोच प्रसंग मागून दिसत होता. मागे वळून काठावर राहिलेल्या कुत्र्याकडे बघत पोराने हिसका देऊन हात सोडवला. बहीण त्याच्यामागे इतकी वाकली, की तात्यांनी तिला वेणीला धरून मागे ओढलं.

शाल्मली तडक स्मृतिपट घडवणाऱ्या डॉ. नसरीन काझींकडे गेली. "हे आक्कांना दाखवू का?"

"आठवण म्हणजे पेटीत ठेवलेला फोटो नव्हे," डॉक्टर म्हणाल्या. "आठवताना ती मऊ होते आणि काही तासांनी पुन्हा घट्ट होते. मऊ असताना जे पाहाल, ते तिच्यात मिसळतं. आक्कांनी तेव्हा हे पाहिलं तर पुढे त्यांना हेच आठवेल. त्यांची स्वतःची आठवण उरणार नाही."

"पण खरं हेच असेल तर?"

"तात्यांचीही आठवणच आहे, बहात्तर वर्षांपूर्वीची. एका पोरीची कीव आली म्हणूनही माणूस असं आठवू शकतो."

शाल्मलीने आक्कांना यातलं सगळं सांगितलं, काही लपवलं नाही. आक्का पदराचं टोक चाळवत ऐकत होत्या.

"मला नाम्याचं तोंडच आठवत नाही बघ," त्या म्हणाल्या. "तात्याच्या त्यात दिसतं का?"

"दिसतं. हसतोय."

"मग दाखव."

आक्कांनी टोपी घालून तो दिवस पुन्हा आठवला आणि लगेच तात्यांचं चित्रण पाहिलं. महिनाभरात त्या सुनेला आणि पणतवंडांना नाम्याच्या खोड्या सांगू लागल्या. त्याआधी ते नाव त्या घरात कुणी ऐकलं नव्हतं.

प्रदर्शन वसाहतीच्या शाळेत भरलं. एकेका पडद्यापाशी थांबत आक्का स्वतःच्याच पहिल्या चित्रणासमोर आल्या. त्यांनी ते पुन्हा पुन्हा पाहिलं.

"ही कुणाची आठवण गं?"

"नावं लावायची नाहीत, असं ठरलंय ना," शाल्मली म्हणाली.

"कुणाची का असेना," आक्का म्हणाल्या, "लहान होती बिचारी. एवढ्या जिवात किती बळ असणार? तिला भेटलीस तर सांग, तिचा काही दोष नव्हता."