गैरहजर सदस्य

नऊ वर्षांनी धाकटा भाऊ घरी आला, तो बायकोच्या खांद्यावर रेलून, उजवा पाय फरफटत... आणि ज्याच्या एका आवाजाने भरलेली सभा चिडीचूप व्हायची, त्याला दारात उभं राहून "अक्का" एवढंही म्हणता येईना!

"डॉक्टर म्हणतात, अर्धांगाच्या झटक्यानंतर रोज बोलायचा सराव हवा," भावजय खाली मान घालून म्हणाली. "माझ्यापुढे तोंडच उघडत नाहीत. वन्सं, तुम्ही हाकलून दिलंत तरी मी काही म्हणणार नाही. पण दुसरं दार नाही हो मला."

अक्काने नुसती बाजूला होऊन वाट दिली. रागाने तिचा ऊर भरून आला होता आणि मायेनेही; त्यातलं आधी काय बाहेर पडेल याचीच तिला धास्ती वाटत होती.

हीच ती पुढची खोली. भाऊ आमदार असताना अधिवेशनाच्या आदल्या दिवशी इथे दोघांची लुटुपुटीची विधानसभा भरायची. अक्का अध्यक्ष. सदस्यमहाशयांना एका दमात दोन-दोन प्रश्न विचारायची खोड, म्हणून ती शाळेतली लाकडी पट्टी टेबलावर आपटून त्यांना गप्प करायची. प्रश्नही तिचेच, गाऱ्हाणी घेऊन आलेल्यांना पाणी देत, त्यांचं ऐकत, वह्या तपासायच्या लाल शाईने लिहिलेले. लोक त्याला अभ्यासू आमदार म्हणत आणि अक्का स्वयंपाकघरात हसू दाबत असे. पहिल्या वेळची उमेदवारी पक्षाने खरं तर तिलाच देऊ केली होती. नोकरी सुटून खचलेल्या भावाकडे बघून, "मला राजकारण झेपायचं नाही, त्याला घ्या," असं ती परस्पर सांगून आली होती. हे तिने त्याला कधी कळू दिलं नाही.

मग तो पुलाचा प्रश्न आला. नदीवरच्या अरुंद पुलाला कठडा नव्हता. तो कधी बसवणार, एवढंच विचारायचं होतं. पण गप्प राहिलास तर मंत्री करू, असा शब्द त्याला मिळाला. नाव पुकारल्यावर सदस्य जागेवर नसला की प्रश्न बाद, हा नियम त्याला अक्कानेच शिकवलेला. त्या दिवशी तो बाहेर चहा पीत बसून राहिला. मंत्रिपद मिळालं नाहीच, पुढे आमदारकीही गेली. तेलही गेलं, तूपही गेलं. आणि त्या चहाच्या दिवसानंतर महिन्याभरातच, रोज सकाळी अक्काच्या दारात घंटी वाजवणारा पाववाला सायकलसकट त्या पुलावरून नदीत पडला... तो गेलाच.

"तू हजर का नव्हतास?" तिने विचारलं होतं.

"आमदार मी आहे, तू नाहीस," असं बोलून त्याने बिऱ्हाड हलवलं होतं.

आता तो खुर्चीत मान खाली घालून बसला होता. मग अक्का उठली, कपाटावरून ती पट्टी काढली, पदराने पुसली आणि टेबलापाशी बसली. पट्टीचा आवाज झाला तशी त्याची मान वर आली.

"सन्माननीय सदस्यांनी प्रश्न विचारावा."

तो खुर्चीचा हात धरून उठला. भावजय आधार द्यायला धावली, तिला त्याने मानेनेच थांबवलं.

"अध्यक्ष... म... महोदया. पूल... कठडा..."

"सावकाश. सभागृहाला घाई नाही."

"कठडा... कधी?" त्याचे डोळे वाहू लागले. "मी... हजर... नव्हतो. अक्का... मी... नव्हतो."

कठडा दोन वर्षांपूर्वीच बसला होता, दुसऱ्याच कोणा आमदाराच्या खटपटीने. पाववाल्याची बायको आता तिथूनच ये-जा करायची, कठड्याला हात न लावता. हे सगळं अक्काच्या ओठांवर आलं. त्या पहिल्या उमेदवारीची गोष्टही आली. समोर तो थरथरत उभा होता, शाळेत पहिल्यांदा कविता म्हणताना उभा राहिला होता तसा. तिने ती गोष्ट गिळली, ती कायमचीच.

"सदस्य आज हजर आहेत," ती म्हणाली, "अशी नोंद घ्यावी." आणि पट्टी खाली ठेवून तिने त्याचा लुळा हात आपल्या हातात घेतला.