ज्युस्तीनाआजींचं उत्तर

जुलैतली दुपार होती. माझ्या माहितीपटाचं आवाजाचं थोडं काम उरलं होतं, म्हणून शाळेला सुट्टी असलेल्या माझ्या लेकीला, अवनीला, घेऊन मी शारजा औद्योगिक क्षेत्रात नोमानभाईंच्या स्टुडिओत गेले. गॅरेजच्या वरचा मजला, बाहेर धुळीनं पिवळं झालेलं आकाश.

फिल्म स्लोव्हेनियाच्या सीमेवरच्या एका गावाची होती. तिथल्या ज्युस्तीनाआजींचं घर कधी हललं नाही. सीमा मात्र त्यांच्या अंगणातून इकडून तिकडे सरकत राहिली. नव्या निवडणुकीत गावातलीच पोरं 'खरे आपले कोण' म्हणून भांडत होती. मी आजींना विचारलं होतं, "तुम्ही कोणत्या देशाच्या?" त्या कॅमेऱ्याकडे नुसत्या बघत राहिल्या. फिल्म त्या मौनावरच संपत होती. वसंतात आजी गेल्याचं कळलं.

"ताई, मी खालून लबान घेऊन येतो," नोमानभाई म्हणाले. लबान म्हणजे इथलं थंडगार ताक. अवनी त्यांच्याबरोबर गेली असं मी धरून चालले.

थोड्या वेळात लाइट गेले. एसीची घरघर थांबली, आणि खालच्या गॅरेजमधली ठोकाठोकही. लॅपटॉप बॅटरीवर चालू होता. मी हेडफोन चढवून ते मौन पुन्हा ऐकायला घेतलं.

आजींच्या घरात असायचा तसा ओल्या लाकडाच्या धुराचा वास आला... शारजात, जुलैत.

आणि आजी बोलल्या. पडद्यावर ओठ मिटलेलेच. पण कानात, अगदी जवळ...

"व्राता..."

मी हेडफोन काढले. खोलीत चिडीचूप. पुन्हा लावले.

"व्राता... व्राता..."

त्यांच्या बोलीत व्राता म्हणजे दार. त्यांच्याच उंबऱ्यावर शिकलेला शब्द. मी मान वळवली. समोर रेकॉर्डिंग बूथचं जाड दार, घट्ट लागलेलं. आत फोम. आतून कुणी कितीही ओरडलं तरी बाहेर ऐकू न येणारं.

मी धावले. खटका अडकला होता. पाय भिंतीला लावून ओढला तेव्हा दार उघडलं, आणि तापलेल्या हवेबरोबर अवनी माझ्या अंगावर कोसळली. घामानं निथळलेली, पण शुद्धीत.

तेवढ्यात नोमानभाई वर आले. "या अल्ला! मला वाटलं पोर तुमच्याजवळ आहे!" त्यांनी तिच्या तोंडावर पाणी मारलं, लबान पाजलं. क्लिनिकमधल्या डॉक्टरीणबाई तपासून म्हणाल्या, "शी इज फाइन. अजून थोडा उशीर झाला असता तर..." बाकीचं मी ऐकलंच नाही. लेकीला छातीशी धरून पोटभर रडले.

संध्याकाळी खलिफा सिटीकडे, घरी निघालो. शेख झायेद रोडवरचे दिवे लागत होते. इतकं हलकं मला कित्येक महिन्यांत वाटलं नव्हतं.

"घाबरलीस का गं खूप?"

"नॉट रिअली, ममा. दॅट ग्रॅनी वॉज विथ मी. तिचा हात थंड थंड होता." मग म्हणाली, "तिनं विचारलं, तू कुठली? आय सेड, मी ममाची. शी लाइक्ड दॅट. म्हणाली, मी पण."

गाडीत टिंगटिंग वाजायला लागलं. मागच्या सीटवर कुणीतरी बेल्ट लावला नव्हता. आरशात पाहिलं. अवनीचा बेल्ट लावलेला होता.

ती शांतपणे वाकली, आणि तिनं शेजारच्या रिकाम्या सीटचा बेल्ट ओढून लावला.

आवाज थांबला.