दोनदा फिरवलेली किल्ली

कुलूपवाल्याला एक खोड होती. कुठलंही कुलूप उघडलं की तो ते पुन्हा लावायचा आणि पुन्हा उघडून बघायचा. गिऱ्हाईक दारात ताटकळलेलं असो की घाईनं रडकुंडीला आलेलं असो, ह्या गृहस्थाचा दुसरा वळसा कधी चुकला नाही. "एकदा उघडतं ते नशिबानं, दोनदा उघडतं ते कारागिरीनं," असं तो मिशीतल्या मिशीत हसत सांगायचा. बायको म्हणायची, "लग्नालासुद्धा दोनदा 'हो' म्हणायला लावलं होतं ह्यांनी मला."

त्या दिवशी सकाळचं काम अगदी साधं होतं. एक निवृत्त प्राध्यापक महिन्यापूर्वी वारले होते आणि त्यांच्या कपाटाची किल्ली सापडत नव्हती. त्यांच्या म्हाताऱ्या बहिणीनं बोलावलं म्हणून हा गेला. कपाट दहा मिनिटांत उघडलं. आत जेवणाच्या डब्याएवढी एक लोखंडी पेटी होती, वर फिरवायची काळी मूठ. बाकी कपाट रिकामं.

"ही तुम्हीच घेऊन जा," बाई दोन पावलं लांब उभ्या राहून म्हणाल्या. "मला घरात नकोय. दादानं ह्या पेटीपायी आयुष्य घालवलं. लाखात एकदा घडेल असं काही हवं असेल, तर मूठ उजवीकडे फिरवायची. ते घडतं. पण एकदाच मागायचं आणि मूठ लगेच मागे आणायची. तशीच ठेवून पुन्हा मागितलंत तर..."

"तर काय?"

"दादा म्हणायचा, मग आधी आलेलं आणि नंतर आलेलं, ह्यातलं इथलं कुठलं ते सांगता येत नाही."

म्हातारपणी माणसाला काहीबाही वाटतं, असं मनाशी म्हणत त्यानं पेटी पिशवीत टाकली. पत्रा चांगला होता.

दुपारी तो घरी पोचला, तर बायकोच्या किंकाळ्या रस्त्यापर्यंत ऐकू येत होत्या.

दुकानाच्या मागेच त्यांचं घर, आणि घरात सामानाची एक खोली. तिला लोखंडी दार, आणि दाराला त्यानं स्वतः बनवलेलं कुलूप. दार ओढलं की आपोआप लागायचं आणि बाहेरून किल्ली लावल्याशिवाय उघडायचं नाही. कुणाच्या बापाला उघडणार नाही, अशी त्याची फुशारकी होती. किल्ली एकच. आणि ती किल्ली घेऊन त्यांची पाच वर्षांची चिमी खेळता खेळता आत गेली होती.

"अहो, तिला धाप लागलीये! पंप इथे बाहेर राहिलाय. मघाशी हाका मारत होती, आता... आता आवाजच येत नाही हो!"

चिमीला दमा होता. खोलीत वर्षानुवर्षांची धूळ होती. त्यानं तारा घातल्या, आकडे घातले, हातातून रक्त निघालं. स्वतःच्याच हुशारीनं त्याला कोंडीत पकडलं होतं. दार फोडायला तासभर लागला असता आणि चिमीकडे तासभर नव्हता.

तेव्हा त्याला पेटी आठवली.

मूठ उजवीकडे फिरवली. पेटी हाताला कोमट लागली. खिशात सापडली ती सायकलची किल्ली त्यानं भोकात घातली. ही किल्ली ह्या कुलपाला लागणं लाखातही एकदा शक्य नव्हतं. ती लोण्यासारखी फिरली.

दार उघडलं आणि चिमी धावत बाहेर आली. मोकळा श्वास, गालावर धूळ, हातात खोलीची किल्ली. बायकोनं तिला उराशी धरलं आणि तशीच ती स्वयंपाकघरात पाणी पाजायला घेऊन गेली. कुलूपवाला तिथेच बसून लहान पोरासारखा रडला.

मग डोळे पुसत उठला आणि हाताला लागलेली सवय हातानं पुरी केली. दार ओढलं. सायकलची किल्ली पुन्हा फिरवली. मूठ अजून उजवीकडेच होती, हे त्याच्या लक्षातही आलं नाही.

दार उघडलं.

आत खोक्याला टेकून चिमी बसली होती. ओठ निळे पडलेले. डाव्या गुडघ्याला त्याच्या जुन्या निळ्या सदऱ्याची पट्टी. सकाळी ती पायरीवरून पडली, तेव्हा त्यानं स्वतः बांधलेली... त्याच्याच पद्धतीची गाठ.

"बाबा..." ती कशीबशी म्हणाली, "किती उशीर केलास..."

भीतीनं माणूस काय करील ह्याचा नेम नसतो. त्यानं दार धाडकन लावून टाकलं.

दुसऱ्याच क्षणी आपण काय केलं ते त्याला कळलं. त्यानं किल्ली घातली. फिरेना. मूठ मागे आणली, पुढे आणली. पेटी थंडगार पडली होती. तो दारावर डोकं आपटत चिमीला हाका मारू लागला, तशी स्वयंपाकघरातून चिमी "ओ" देत आली. तिच्या गुडघ्यावर पट्टी नव्हती. साधं खरचटलेलंसुद्धा नव्हतं.

तिच्या हातातली किल्ली त्यानं लावून पाहिली. हुबेहूब त्याच्याच हातची होती, फक्त एक दात वेगळा. लागली नाही. मागच्या बाजूनं शिडी लावून त्यानं उंचावरच्या जाळी मारलेल्या झरोक्यातून आत बघितलं. खोली रिकामी होती.

बायको म्हणाली, किल्लीच लागत नाही तर दार फोडून टाका. त्यानं फोडू दिलं नाही. आपल्या चिमीकडे जायची वाट तेवढीच एक आहे, हे तिला कसं सांगणार? आपण मांडीवर घेऊन जेवू घालतोय ती...

तेव्हापासून रोज दुपारी दुकान बंद करून तो दारापाशी बसू लागला आणि एकेक किल्ली लावून बघू लागला. बाराव्या दिवशी चिमी येऊन शेजारी बसली. बराच वेळ बघत राहिली.

"माझे बाबापण तिकडून लावत असतील ना?" तिनं हळूच विचारलं.

हातातला जुडगा त्यानं खाली ठेवला. त्यानं पहिल्यांदाच तिला नीट जवळ घेतलं. त्याचं लेकरू तिकडे होतं, तर कुणाचं तरी इकडे होतं.

तेवढ्यात कुलपात खट् झालं.

भोक रिकामं होतं. तरी आतला खटका सरकत होता. एक वळसा... मग परत लागल्याचा आवाज... मग दुसरा वळसा.

दोनदा! जगात दोनदा किल्ली फिरवणारा माणूस एकच. कुलूपवाला आनंदानं उठला, त्यानं चिमीचा हात धरला आणि दुसरा हात दाराकडे नेला. आता एक चिमी जाईल, एक येईल. सगळं जागच्या जागी.

खट्.

तिसरा वळसा. मग चौथा... पाचवा... सावकाश, न थांबता.

चिमीनं त्याच्या बोटांवरची पकड घट्ट केली.

"दार उघडू नकोस," ती कुजबुजली. "हे माझे बाबा नाहीत."