लोखंडी कबुतरांची चौथी तबकडी

“एव्रिल फेरेडे कोण आहे इथे? बाहेर या!”

दुपारच्या सुट्टीचा भोंगा नुकताच झाला होता, आणि कारखान्याच्या फाटकाशी एक मुलगा सायकल धरून माझ्या नावाने कोकलत होता. पाऊस चाललेला. केसांतून पाणी निथळून त्याच्या कॉलरमध्ये जात होतं, पण त्याचं त्याला काही नव्हतं. माझ्या हातात बटाट्याच्या गरम चिप्सचा पुडा. आजूबाजूच्या बायका फिदीफिदी हसायला लागल्या. म्हटलं, हा कोण मेला माझ्या अब्रूवर उठलाय?

“मी एव्रिल. काय काम आहे?”

“तुम्ही?” तो बघतच राहिला. “मला वाटलं, कुणी म्हातारी असेल... कान गेलेली.”

“आणि मला वाटलं, कुणी सभ्य माणूस असेल.”

त्याने कोटाच्या आतून एक कागद काढला. माझ्याच हातची चिठ्ठी होती, खाली माझी सही. ‘बाजू पहिली, तिसरं गाणं. सुरुवातीपासून शेवटपर्यंत बारीक चरचर. साचा खराब. पुन्हा करावा.’

“ती चरचर नाही,” तो म्हणाला. “तो पाऊस आहे.”

“पाऊस?”

“आम्ही आमच्या गल्लीतल्या प्रार्थनाघरात गाणी ध्वनिमुद्रित केली. वर पत्रा. तिसऱ्या गाण्याला पाऊस आला. आता पावसाला काय सांगायचं, बाबा रे, जरा दम धर?”

माझं काम म्हणजे तबकड्या ऐकणं. कारखान्यात गाण्यांच्या तबकड्या छापून निघायच्या, आणि छपाई जोरात सुरू होण्याआधी पहिली नमुना तबकडी माझ्याकडे यायची, पुढे शंभरातली एक. कोनाड्याएवढ्या खोलीत बसून ती मी पहिल्या ठोक्यापासून शेवटपर्यंत ऐकायचे. कुठे टकटक, कुठे चरचर, कुठे भोक मधोमध नाही – सापडलं की चिठ्ठी लिहायची. आमच्या बाई, मिसेस हॅडली, सगळ्यांना सांगायच्या, या पोरीचे कान फार तिखट आहेत, हिच्यासमोर मनातसुद्धा शिव्या देऊ नका. चार वर्षांत माझी एक चिठ्ठी चुकली नव्हती.

“पुन्हा ऐका,” तो म्हणाला. “एकदा. विनंती आहे.”

“माझी जेवणाची सुट्टी आहे.”

“मी धरतो ना चिप्स!”

काय कोण जाणे, मी आत गेले. तबकडी लावली. या वेळी चूक शोधायची नाही, नुसतं ऐकायचं असं ठरवून डोळे मिटले... आणि खरंच पाऊस पडत होता की! पत्र्यावर, एकसारखा. त्याच्या खाली चार पोरं वाजवत होती. ती थांबली नव्हती, घाबरली नव्हती, त्यांनी पावसाला आपल्यात घेतलं होतं. माझ्या अंगावर सर्रकन काटा आला. आमच्या या काळ्या धुराच्या, भट्ट्यांच्या गावातल्या, माझ्याच वयाच्या पोरांना हे कसं सुचलं? हजारो तबकड्या ऐकल्या होत्या मी, पण गाणं संपल्यावर हात जोडावेसे वाटले असं पहिल्यांदाच झालं.

बाहेर आले तर पुडा अर्धा रिकामा.

“माझ्या चिप्स?”

“भिजत होत्या. वाया जाऊ नयेत म्हणून...”

“वा! उपकारच झाले.” मी चिठ्ठी फाडून त्याच्या हातात दिली. “तुमच्या टोळीचं नाव काय?”

“द आयर्न पिजन्स.”

“लोखंडी कबुतरं? ती उडतात होय?”

“बघालच तुम्ही,” तो म्हणाला आणि हसला. पुढचा एक दात जरासा वाकडा होता. झालं, माझी वाट लागली ती तिथेच.

त्याचं नाव डेस ट्रँटर. जवळच टिप्टनला राहायचा, ड्रम वाजवायचा. पुढच्या आठवड्यात तो भरपाई म्हणून चिप्स घेऊन आला, त्याच्या पुढच्या आठवड्यात काहीच कारण नसताना आला. कबुतरांची गोष्ट तेव्हाच कळली. त्याच्या वडिलांची शर्यतीची कबुतरं होती, परसात त्यांची खुराडी. शेजारच्या पडवीत डेस, गाणारा रॉडनी पेल आणि गिटार वाजवणारे दोघे सराव करायचे. या चौघांनी वाजवायला सुरुवात केल्यापासून शर्यतीहून परतलेली कबुतरं खुराड्यात शिरायलाच तयार होईनात. शेजाऱ्याच्या छपरावर बसून राहायची, आणि शर्यत हातची जायची.

“बाबा म्हणाले, एक तर पाखरं राहतील नाही तर तू.”

“मग?”

“मग काय, चौघांनी प्रार्थनाघर गाठलं. पण नाव कबुतरांचंच ठेवलं. त्यांचं इतकं नुकसान केलं, तेवढं तरी देणं लागत होतो.”

असं बोलायचा तो. मी हसून हसून लोळायचे, आणि घरी गेल्यावर आई विचारायची, आज स्वारी एवढी खुशीत का?

आणि ती लोखंडी कबुतरं उडाली, बाई! पहिली तबकडी आमच्या भागात गाजली. दुसरीच्या वेळी लंडनची मोठी कंपनी दारात आली. रेडिओवर, दुकानात, बसच्या रांगेत पोरं तीच गाणी गुणगुणायला लागली. पण तबकड्या अजून आमच्याच कारखान्यात छापल्या जायच्या, आणि माझं नि डेसचं एक ठरलेलं होतं. नवी तबकडी आली की आधी ती मी ऐकायची. मी सांगेपर्यंत तो ऐकायचा नाही. दुपारच्या सुट्टीत फाटकाशी येऊन विचारायचा, “काय गं, स्वच्छ?” मी मुद्दाम तोंड वाकडं करायचे. त्याचा चेहरा पडायचा. मग म्हणायचे, “स्वच्छ!” की तो टोपी हवेत उडवायचा. साहेबांच्या गाडीवरसुद्धा पडली होती एकदा.

“एक गोष्ट आहे मात्र,” दुसऱ्या तबकडीच्या वेळी मी म्हटलं. “तुझा डाव्या हाताचा ठोका उशिरा पडतो.”

त्याने उडवायला उचललेली टोपी खाली घेतली. “...किती?”

“केसभर. पडू की नको, पडू की नको, असा विचार करून पडतो. घरी जेवायलासुद्धा असाच जातोस का?”

“लहानपणी खुराड्यावरून पडलो होतो. मनगट नीट बसलंच नाही.” त्याने डावा हात खिशात घातला. “आजवर कुणाला कळलं नव्हतं.”

“अरे, लपवतोस काय! बाकीचे सगळे धावत असतात. तुमचं गाणं झुलतं, ते त्या हाताने.”

तो माझ्याकडे असा काही बघत राहिला की मला उगाचच एप्रनची गाठ सोडून पुन्हा बांधावी लागली.

तिसऱ्या तबकडीनंतर वुल्वरहॅम्प्टनच्या मोठ्या सभागृहात त्यांचा कार्यक्रम झाला. डेसने मला तिसऱ्या रांगेत बसवलं होतं. दिवे मंदावले, आणि तीन हजार माणसं एकदम उठून उभी राहिली. पोरी किंचाळत होत्या, रडत होत्या. मग गाणं सुरू झालं आणि मी मागे वळून पाहिलं. तीन हजार माना एकदम वर जात होत्या आणि खाली येताना केसभर थांबत होत्या. त्याच्यासाठी! त्याच्या त्या न बसलेल्या मनगटासाठी! त्यातल्या एकालाही माहीत नव्हतं की आपण कशाची वाट बघतोय. मला माहीत होतं. मला इतकं भरून आलं की शेजारच्या बाईने स्वतःचा रुमाल दिला.

त्या दिवशी मी त्याला सांगणार होते. मनातलं सगळं सांगणार होते. पण कार्यक्रम संपला तर त्याच्याभोवती ही गर्दी... आणि तिसऱ्या दिवशी कबुतरं अमेरिकेला गेली.

तिथून पत्रं यायची. ‘इथे सगळं मोठं आहे, चहा सोडून.’ ‘रॉडनी आता काळा चष्मा घालून झोपतो.’ पत्राच्या शेवटी दरवेळी काहीतरी लिहून खोडलेलं असायचं. मी ते उजेडात धरून वाचायचा प्रयत्न करायचे. डेसने खोडायला शाई मात्र भरपूर वापरली होती.

परत आला तो वाळला होता. एकोणीसशे सत्तरचा डिसेंबर. आम्ही कालव्याच्या काठाने चालत होतो. रॉडनीचं आणि बाकीच्यांचं आताशा पटत नाही, म्हणाला. लंडनचा निर्माता सगळं घड्याळासारखं हवं म्हणतो.

“आणि तू काय म्हणतोस?”

“मी काय म्हणणार? पंधराव्या वर्षापासून आम्ही चौघं एकत्र आहोत. मला दुसरं काही येत नाही, एव्रिल. मी त्या चौघांतला एक आहे... तेवढंच मी आहे.” मग जरा खुलला. “पण चौथी तबकडी झाली बघ! माझं काम तर दोन दिवसांत संपलं. सगळे म्हणाले, फक्कड झालं, जा तू घरी.”

फेब्रुवारीत नमुना आला. मी दार लावलं, सुई टेकवली.

पहिलं गाणं सुरू झालं. सुंदर होतं. एक टकटक नाही, एक चरचर नाही. दुसऱ्या गाण्याला मी पुढे वाकून ऐकायला लागले. डाव्या हाताचा ठोका जिथे पडायला हवा तिथेच पडत होता. वेळेवर. प्रत्येक वेळी. मी सुई उचलून पुन्हा ठेवली, पुन्हा ऐकलं. नऊ गाण्यांपैकी सात गाण्यांत वाजवणारा माणूस दुसराच होता. त्याला घरी पाठवून मागून कुणाकडून तरी वाजवून घेतलं होतं, आणि बाकीच्या तिघांनी त्यावर गाऊन-वाजवून दिलं होतं.

आणि हे डेसला माहीत नव्हतं. आणि उद्या दुपारी तो फाटकाशी येणार होता.

ती रात्र कशी काढली, माझं मला ठाऊक. सांगितलं तर त्याचं सगळं जग मोडणार. नाही सांगितलं तर? ‘स्वच्छ’ म्हटलं असतं तरी खोटं नव्हतं ते. तबकडीत एकही चूक नव्हती. पण घरी जाऊन त्याने ती लावली असती, पहिल्याच मिनिटाला त्याला कळलं असतं, आणि हेही कळलं असतं की एव्रिलने ऐकलं होतं आणि ती गप्प बसली. इकडे आड, तिकडे विहीर.

दुसऱ्या दिवशी तो आला. टोपी हातातच होती.

“काय गं, स्वच्छ?”

“स्वच्छ आहे, डेस.” मी म्हटलं. “पण... तू नाहीस त्यात.”

“म्हणजे?”

“सात गाण्यांत तू नाहीस. कुणीतरी दुसरा वाजवतोय.”

तो हसला आधी. मग माझा चेहरा बघून हसायचा थांबला. “तुझी चूक होत असेल. मागे पावसाची झाली होती.”

“तेव्हा मी तुला ओळखत नव्हते.”

त्याने टोपी डोक्यावर घातली, नीट दोन्ही हातांनी, आणि स्टेशनकडे चालू लागला. मी हाक मारली. त्याने वळूनही पाहिलं नाही.

तीन आठवडे काही कळलं नाही. मग एका गुरुवारी मिसेस हॅडलींनी वर्तमानपत्र माझ्यासमोर ठेवलं आणि माझ्या खांद्यावर हात ठेवला. द आयर्न पिजन्स फुटली होती. पाच वर्षं, चार तबकड्या, आणि चार ओळींची बातमी. पत्र्यावरच्या पावसात वाजवणारी ती पोरं संपली, आणि माझ्या एका वाक्याने संपली. मला तर शेजारच्या यंत्रातून धडाधड त्याच तबकड्या पडताना ऐकू येत होत्या. शंभरातली एक काढून मला रोज ऐकावी लागत होती. दरवेळी पहिल्या गाण्यालाच डोळे भरायचे.

सोमवारी दुपारी भोंगा झाला. बाहेर आले, तर डेस फाटकाशी उभा. दाढी वाढलेली.

“माझ्यामुळे मोडलं ना सगळं?” मी त्याला बोलूच दिलं नाही. “बोल मला, काय बोलायचं ते बोल.”

“वेडी आहेस का? ते मोडलेलंच होतं. त्या तिघांना दोन महिने माहीत होतं, एव्रिल. रोज माझ्याबरोबर जेवत होते. सांगितलं फक्त तू.” तो बुटाने खडे उकरत राहिला. “मी ते सांगायला नाही आलो. एक घोळ झालाय.”

“आता आणखी काय?”

“लंडनला गेलो, तेव्हा सगळे बसले होते. निर्माता म्हणाला, डेस, अरे जगात कुणाला कळणार आहे? मी म्हटलं, एकीला कळलं. पहिल्याच दिवशी. तो म्हणाला, कोण ती? तर मी म्हणालो...” त्याचे कान लालबुंद झाले होते. “मी म्हणालो... माझी बायको.”

माझे हात आपसूक एप्रनच्या गाठीकडे गेले.

“तोंडातून निघून गेलं गं! सगळ्यांसमोर. रॉडनी रडत होता, पण त्याने उठून माझा हात हातात घेतला, अभिनंदन म्हणाला. म्हणून म्हटलं, दुसऱ्या कुणाकडून तुझ्या कानावर जायच्या आत आपणच जाऊन सांगावं.”

“पाच वर्षं!” मी ओरडलेच. आसपासच्या बायका वळून बघायला लागल्या, बघेनात का! “पाच वर्षं मी या फाटकाशी उभी राहते, आणि हे तू आधी त्यांना सांगितलंस?”

“चुकलो. त्यांना पत्र लिहून कळवतो, की ते खोटं होतं...”

“खबरदार!” मी त्याचा डावा हात खिशातून ओढून काढला आणि घट्ट धरला. “खोटं मला चालत नाही, माहीत आहे ना तुला? आता ते खरं करून दाखव.”