मुराळी

ही ऐकीव गोष्ट न्हाय. माझ्या डोळ्यांदेखत घडलीय. ज्याला पटत न्हाय त्यानं इथंच थांबावं, माझी काय हरकत न्हाय.

आणि रातच्या अंधाराची वाट बघत बसू नका. ही भर दुपारची गोष्ट हाय.

बाहत्तरच्या दुष्काळाचा उन्हाळा. आमचं गाव ईट या बाजारगावाच्या अलीकडं, आडरानात. सरकारनं रस्त्याचं काम काढलेलं. गावातल्या आम्ही बाया माळावर खडी फोडायला बसायचो. दोन रांगा, समोरासमोर. मी बना, तवा नवी नवरी. माझ्या शेजारी माझी थोरली जाऊ, सारजाअक्का. समोरच्या रांगेत मालन.

अक्का आणि मालन म्हणजे गावातले दोन गळे. जात्यावर, लग्नात, पाळण्याला... एक गायली की दुसरीला दम निघायचा न्हाय. मग खडीवर तर रोजचाच सामना! एकीनं ओवी टाकायची, दुसरीनं त्याच चालीत जबाब द्यायचा. हातोडा चालू ठेवून. हातोडा थांबला की ती अडली. जी अडली तिनं दोन्ही रांगांना विहिरीवरनं पाणी आणायचं. आणि राहिलेला जबाब दुसऱ्या दिवशी आधी फेडायचा, मगच नवी ओवी.

लई मजा यायची. पोटात सरकारी सुकडी आणि मिलोची, म्हंजे त्या लाल परदेशी जोंधळ्याची भाकर, पण त्या दोघींच्या नादात ऊन कळायचं न्हाय.

त्या दिवशी मालन भलतीच रंगात होती. अक्काची एक ओवी खाली पडू देईना. समोरची रांग फिदीफिदी हसायला लागली.

"सारजे, आज घागर तुझ्या डोक्यावर गं!"

अक्का इरेला पेटली. हातोडा आपटला आणि गायली,

पंचमीच्या सणाला माझा मुराळी येईल,
सांग गं मालनबाई, तुला कोण गं नेईल?

मुराळी म्हणजे सासरवाशिणीला माहेरी न्यायला येणारा माणूस. भाऊ, न्हायतर बाप. मालनचे आईबाप ती लहान असतानाच पटकीनं गेलेले. पाठीला भाऊ न्हाय. हे अक्काला पुरतं ठाऊक होतं.

मालनचा हातोडा थांबला...

मग सगळ्यांचेच थांबले.

"अक्का, हे बरं न्हाय केलं तुम्ही," मी हळूच म्हणले.

"गप गं. गाण्यातलं कोण मनावर घेतंय व्हय?"

मालननं पदरानं तोंड पुसलं, घागर उचलली आणि उन्हात चालू लागली.

ती परत आली न्हाय.

विहीर पार तळाला गेलेली, पायऱ्या ढासळलेल्या. मालन खाली खडकावर सापडली. घागर मात्र कुठंच न्हाय. गाळात बघितलं, रानात बघितलं... न्हायच.

अक्का रडली. खरं रडली. "माझी जीभ झडली असती तर बरं झालं असतं," म्हणायची आणि कपाळ बडवून घ्यायची. तिचं पाप की काय ते देव जाणे, पण मला तिची लई कीव आली.

मालनला माती दिली आणि चार दिवसांत काम परत चालू झालं. पोटाला कुठली सुट्टी? मालनची जागा आम्ही मोकळी ठेवली. गाणं न्हाय, बोलणं न्हाय, नुसते हातोडे. दुपारी मुकादमानं भाकरीची शिट्टी मारली. सगळ्यांनी हातोडे खाली ठेवले.

ठक... ठक... ठक...

एक हातोडा चालूच होता.

आम्ही एकमेकींचे हात बघितले. सगळ्यांचे हात मोकळे. आवाज समोरच्या रांगेतनं येत होता.

मोकळ्या जागेवरनं.

मग चाल आली. आधी नुसती गुणगुण... मग शब्द.

न्हाय मला गं मुराळी, मीच मुराळी होईन...

आणि बंद. दुसरी ओळ आलीच न्हाय.

मुकादम शिट्टी टाकून पळाला. एवढा मिशीवाला गडी! आम्ही बाया एकमेकींना धरून तिथंच बसलो.

अक्का परत खडीवर गेली न्हाय. गाणं तर सुटलंच. एक दिवस भाकरी थापता थापता म्हणाली, "बने, जबाब अर्धा राहिलाय. ती फेडल्याबिगर राहायची न्हाय. पंचमीला ती मला न्यायला येणार."

"काय तरी डोक्यात घेऊ नका, अक्का."

"माझा लिंबा येऊन मला नेईस्तोवर तू माझ्यापासनं हलू नको. शपथ घे."

मी घेतली.

लिंबा म्हणजे लिंबाजी, अक्काचा धाकटा भाऊ. तामलवाडीला राहायचा. दरसाली पंचमीला एसटीनं यायचा आणि बहिणीला घेऊन जायचा.

त्या साली पाऊस झाला. रानं हिरवी झाली. पंचमीला गावातल्या साऱ्या बाया लाह्या-दूध घेऊन वारुळाला गेल्या. गडीमाणसं सोसायटीत खताच्या वाटपाला. घरात आम्ही दोघी जावा. दाराला आतनं कडी. अक्का गाठोडं बांधून उंबऱ्याजवळ बसलेली.

लांबनं बायांची गाणी ऐकू येत होती. तेवढाच आधार वाटत होता.

मग गाणी थांबली...

पाखरू बोलंना. शेजारचं वसवस करणारं कुत्रंसुद्धा गप.

ठक... ठक...

आधी रस्त्याच्या अंगानं. मग बोळात. मग दारात.

अक्कानं माझा हात धरला. तिची नखं रुतली.

आणि बाहेरनं हाक आली.

"अक्का! ए अक्का! दार उघड की. किती येळ उभं करतीस?"

लिंबाजीचा आवाज! आम्हा दोघींच्या जिवात जीव आला. मला तर हसूच फुटलं. अक्काचं तोंड कितीतरी दिवसांनी उजळलं.

"आला गं माझा लिंबा! जा, पाय धुवायला पाणी आण त्याला."

मी रांजणातनं तांब्या भरला. एवढंच. तांब्या भरला आणि वळले.

दार सताड उघडं. अक्का न्हाय. गाठोडं न्हाय.

बोळात पावसाचा चिखल. चिखलात अक्काची पावलं, जाणारी. येणाऱ्याचं एकपण पाऊल न्हाय.

आणि विहिरीच्या अंगानं मालनचा आवाज आला. गोड... लई गोड.

पंचमीच्या सणाला तुला सारजे नेईन.

तांब्या हातातनं पडला. मी "अक्का, अक्का" ओरडत पळाले. बोळाच्या तोंडाशी एक माणूस धडकला. खांद्याला पिशवी, गुडघ्यापर्यंत चिखल.

"काय झालं बनाताई? एसटी उशिरा आली. अक्का कुठंय?"

लिंबाजी होता.

आम्ही दोघं विहिरीवर गेलो. वरच्या पायरीवर अक्काचं गाठोडं. शेजारी मालनची घागर.

काठोकाठ भरलेली.

इंजिन लावून विहीर उपसली. तळातला गाळ काढला. अक्का घावली न्हाय. आजवर न्हाय. लिंबाजी त्या पायरीवर बसून लेकरावानी रडत होता. "मी दारात आलोच न्हाय गं, मी हाक मारलीच न्हाय," एवढंच म्हणत होता.

ते घागरीतलं पाणी कुणी पिलं न्हाय.

पुढं दरसाली माझा भाऊ मला न्यायला यायचा. मी आधी खिडकीतनं त्याचं तोंड बघायचे, मगच कडी काढायचे. तो चिडवायचा, "बने, भाऊ हाय का दरोडेखोर?"

गेल्या माघात तो वारला. आता मला मुराळी न्हाय.

पंचमी जवळ आलीय. परवा दुपारी सून म्हणाली, "आत्याबाई, मागं कोण खडी फोडतंय वो?"

आमच्या मागं नुसती बाभळ आणि पडीक रान हाय.

"कान देऊ नको," म्या सांगितलं. "कडी लाव."

पण मी कान दिला. हातोड्याच्या तालावर ओवी चालली होती. पहिलीच ओळ, पंचमीच्या मुराळ्याची...

आवाज मालनचा न्हाय.

आवाज माझ्या अक्काचा हाय. इतक्या वर्सांनी ऐकला, तरी ओळखला. खोटं कशाला बोलू, भ्या तर वाटलंच, पण रडूपण आलं. तिच्यापासनं हलायचं न्हाय म्हणून शपथ घेतलेली मी.

सुनेला बजावून ठेवलंय. पंचमीला मला एकटीला सोडू नको. आणि दारात कुणाचीबी हाक आली, मी कितीबी हसून सांगितलं, तरी पाणी आणायला उठू नको.